भाषा मोजायच्या कशा? चाळीच्या वहीपासून जगाच्या यादीपर्यंत

परळमधील आमच्या चाळीच्या पुनर्विकासाची सभा ठरली, तेव्हा सभेची सूचना कोणकोणत्या भाषांत काढावी असा प्रश्न कार्यकारिणीपुढे आला आणि घरोघर जाऊन भाषा विचारून येण्याचे काम माझ्या गळ्यात पडले. चाळीस खोल्या, एक दोनशेपानी वही आणि रविवारची एक दुपार, एवढ्यात हे उरकेल असा माझा अंदाज होता. तिसऱ्याच दारात तो चुकला. वेंगुर्ल्याकडच्या एका आजींना घरात कोणती भाषा बोलता असे विचारले, त्यावर त्या म्हणाल्या, "घरात मालवणीच बोलताव, पण कागदार मराठी लिवा." मी पेन उघडे ठेवून उभा राहिलो. आता वहीत काय लिहायचे?

जगात भाषा किती, या प्रश्नाला सात हजारांच्या आसपास असे ठोकळेबाज उत्तर दिले जाते. त्या सात हजारांमागेही असाच एक वहीवाला दारात उभा असतो, त्याला असेच दुहेरी उत्तर मिळालेले असते आणि पुढे कुठल्यातरी कार्यालयात बसून कोणीतरी त्याचा निकाल लावलेला असतो. विद्यार्थी, पत्रकार, भाषांतरकार किंवा संस्थेचे कार्यकर्ते अशा ज्यांना भाषांच्या आकडेवारीशी काम पडते त्यांना स्वतःची छोटी गणना नीट करता यावी आणि मोठ्या गणनांचे आकडे फसगत न होता वाचता यावेत, म्हणून ही कामाची पद्धत क्रमाने मांडली आहे.

पहिली पायरी : कशासाठी मोजायचे ते ठरवणे

माझी पहिली चूक इथेच झाली होती. सूचना वाचण्यासाठी होती, त्यामुळे कोणती लिपी आणि कोणती भाषा वाचता येते हे विचारायला हवे होते. मी मात्र घरात काय बोलता ते विचारत सुटलो. आईकडून मिळालेली भाषा, आज घरात चालणारी भाषा, कामावरची भाषा आणि लिहिता-वाचता येणारी भाषा या मुंबईतल्या एकाच माणसाच्या बाबतीत चार निरनिराळ्या असू शकतात. मुलुंडला राहणाऱ्या, काळबादेवीला पेढी असणाऱ्या कच्छी व्यापाऱ्याची कच्छी घरात, गुजराती हिशेबात, हिंदी हमालांशी आणि मराठी किंवा इंग्रजी सरकारी कागदात चालते. यांतील एकही उत्तर खोटे नाही.

भारताच्या जनगणनेने यातला पहिला प्रश्न निवडला आहे. बालपणी आई ज्या भाषेत त्या व्यक्तीशी बोलत असे ती मातृभाषा, आई लवकर वारली असल्यास लहानपणी घरात मुख्यतः बोलली जाणारी भाषा, अशी तिची व्याख्या आहे. त्याखेरीज येत असलेल्या आणखी दोन भाषांपर्यंत नोंद होते. कॅनडात मातृभाषा आणि घरातली भाषा असे दोन्ही प्रश्न विचारतात, आणि मातृभाषा म्हणजे बालपणी घरी प्रथम शिकलेली व अजूनही समजणारी भाषा अशी अट घालतात. 'अजूनही समजणारी' ही अट आपल्याकडे नाही, त्यामुळे ज्याला आईची भाषा आज धड बोलता येत नाही असा माणूसही आपल्याकडे त्या भाषेचा भाषक म्हणून मोजला जाऊ शकतो. बेल्जियमने तर १९४७ नंतर जनगणनेत भाषा विचारणेच बंद केले, कारण गावागावातल्या आकड्यांवरून भाषिक सीमा हलू लागली होती. बेळगाव-कारवारच्या वादात गावनिहाय भाषिक टक्केवारीवर किती शाई खर्ची पडली हे ज्यांना ठाऊक आहे, त्यांना बेल्जियमचा हा निर्णय समजावून सांगावा लागणार नाही.

या व्याख्येमुळे एक मोठा समूह गणनेतून अदृश्य होतो. २०११ च्या जनगणनेत श्रवणदोष असलेल्यांची संख्या सुमारे ५० लाख आली, परंतु बहिऱ्या व्यक्तींच्या मातृभाषेच्या रकान्यात आईची बोलली जाणारी भाषा लिहावी, अशी सूचना प्रगणकांना होती. भारतीय सांकेतिक भाषेला स्वतःचे व्याकरण आहे. ती मराठीचे किंवा हिंदीचे हातवारे नव्हे. सांकेतिक भाषांची नाती बोलल्या जाणाऱ्या भाषांच्या नात्यांवर बेतलेली नसतात, इतकी की अमेरिकी सांकेतिक भाषा ब्रिटिश सांकेतिक भाषेपेक्षा फ्रेंच सांकेतिक भाषेला अधिक जवळची आहे. आपल्या छोट्या गणनेत तरी या भाषेसाठी वेगळी जागा ठेवावी.

दुसरी पायरी : उत्तर जसेच्या तसे लिहिणे

सांगितलेले नाव आणि आपण ठरवलेले नाव यांसाठी दोन स्वतंत्र रकाने आखावेत आणि पहिल्या रकान्यात कधीही दुरुस्ती करू नये. समोरचा 'कोकणी' म्हणाला, तर 'कोकणी' असेच लिहावे. तो रत्नागिरीकडचा मुसलमान आहे की मडगावचा ख्रिस्ती आहे हे शेरा म्हणून बाजूला टिपावे. लोक भाषेऐवजी गावाचे, जातीचे, धंद्याचे किंवा प्रांताचे नाव सांगतात. जौनपूरहून आलेले शेजारी 'हिंदी' म्हणाले, त्यांच्या सूनबाईंनी मात्र आतून 'आपण घरात कुठे हिंदी बोलतो' असे ऐकवले. अशा वेळी दोन्ही उत्तरे नोंदवावीत.

जनगणनेच्या प्रगणकांकडे शेरा लिहायला जागा नसते, आणि त्याचा परिणाम आकड्यांत दिसतो. २०११ मध्ये देशभरातून मातृभाषेची १९,५६९ निरनिराळी नावे आली. त्यांत एकाच भाषेची निरनिराळी लेखने होती, गावांची नावे होती, चुकाही होत्या. महानिबंधक कार्यालयाच्या भाषा विभागाने छाननी केल्यावर १,३६९ मातृभाषा निश्चित झाल्या आणि १,४७४ नावे 'अवर्गीकृत' म्हणून इतरांत टाकली गेली. निश्चित झालेल्यांपैकी देशभरात किमान दहा हजार भाषक असलेल्या मातृभाषा २७० निघाल्या. या २७० चे गट पाडल्यावर १२१ भाषा उरल्या : राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीतल्या २२ आणि बाकीच्या ९९.

तेव्हा भारतात भाषा किती, याचे उत्तर कोणी २२ दिले, कोणी १२१ दिले, कोणी २७० किंवा १,३६९ दिले, तरी चौघेही एकाच जनगणनेचा हवाला देत असतात. १९६१ च्या जनगणनेतला १,६५२ हा आकडा अजूनही भाषणांत ऐकू येतो. तो मातृभाषा म्हणून सांगितल्या गेलेल्या नावांचा आहे, आणि १९७१ पासून दहा हजारांची चाळणी लागल्यावर यादी एकदम शंभरीवर आली. दहा वर्षांत दीड हजार भाषा मेल्या असा त्याचा अर्थ लावणारे लेख मी वाचले आहेत. मेली होती ती फक्त छापील यादीतली जागा. गणेश देवी यांच्या पुढाकाराने २०१० मध्ये सुरू झालेल्या भारतीय भाषांच्या लोकसर्वेक्षणाने अशी चाळणी लावली नाही आणि ७८० भाषांची नोंद केली.

चाळणीखाली काय सापडते याचे मुंबईपासून सर्वांत जवळचे उदाहरण रायगड जिल्ह्यातल्या कोर्लई गावात आहे. तिथल्या ख्रिस्ती वस्तीत पोर्तुगीज आणि मराठी यांच्या मिश्रणातून घडलेली भाषा आजही बोलली जाते आणि तिचे भाषक तिला 'नौ लिंग', म्हणजे आपली भाषा, असे म्हणतात. भाषक हजाराच्या आसपास असल्याने जनगणनेच्या प्रसिद्ध तक्त्यात ती स्वतंत्रपणे येऊ शकत नाही. शब्द बहुतांशी पोर्तुगीज आणि वाक्याची ठेवण मराठीच्या अंगाने जाणारी, अशी ही भाषा कोणत्या कुळात, म्हणजे एका मूळ भाषेतून निघालेल्या भाषांच्या कोणत्या गटात, घालावी हाही प्रश्न आहेच.

तिसरी पायरी : नावांचे गट पाडणे

आता दुसरा रकाना भरायचा. इथे प्रत्येक निर्णय लिहून ठेवावा, कारण आकडे इथेच सर्वाधिक हलतात.

२०११ मध्ये हिंदीचे भाषक ५२.८३ कोटी, म्हणजे लोकसंख्येच्या ४३.६३ टक्के दाखवले आहेत. मातृभाषा 'हिंदी' असे नाव सांगणारे त्यांत सुमारे ३२.२ कोटीच आहेत. उरलेल्यांत सुमारे ५ कोटी भोजपुरी, अडीच कोटींहून अधिक राजस्थानी, दीड कोटींहून अधिक छत्तीसगढी, शिवाय मगही, हरियाणवी, मारवाडी अशी पन्नासहून अधिक नावे आहेत. मैथिलीही १९९१ पर्यंत याच गटात होती. २००३ मध्ये ती आठव्या अनुसूचीत गेली आणि त्यानंतरच्या तक्त्यांत स्वतंत्र झाली. दरभंग्यातल्या माणसाच्या बोलण्यात त्यामुळे काडीचा फरक पडला नाही.

मराठी वाचकाला धक्का देणारी गोष्ट आपल्या किनाऱ्यावरच आहे. जनगणनेच्या तक्त्यात मालवणी हे नाव कोंकणीच्या गटात जाते. म्हणजे त्या आजींनी 'मालवणी' लिहून घेतले असते, तर त्यांची भर कोंकणीत पडली असती, आणि 'कागदार मराठी' म्हटल्यामुळे ती मराठीत पडली. तसेच कच्छी सिंधीच्या गटात मोजली जाते, जरी मुंबईतला कच्छी माणूस स्वतःला गुजरात्यांत धरत असला तरी. आणि अहिराणी मराठीत न येता खानदेशी या स्वतंत्र भाषेखाली येते. जळगाव-धुळ्याकडच्या किती घरांनी 'अहिराणी' सांगितले आणि किती घरांनी 'मराठी', यावर दोन्हींचे आकडे ठरतात.

मग भाषा कुठे संपते आणि बोली कुठे सुरू होते? त्यासाठी लावली जाणारी कसोटी म्हणजे परस्परांना समजणे. तिची एक रीत अशी : एका गावातल्या माणसाकडून त्याच्या आयुष्यातला एखादा प्रसंग त्याच्या बोलीत ध्वनिमुद्रित करून घ्यायचा, त्यावर दहाएक प्रश्न तयार करायचे आणि दुसऱ्या गावच्या लोकांना ते ऐकवून उत्तरे तपासायची. पाहण्याजोगे असते ते हे की ऐकणाऱ्याला पूर्वी ती बोली किती कानावर पडलेली आहे. मराठी माणसाला हिंदी समजते आणि कानपूरहून परवाच उतरलेल्या माणसाला मराठी समजत नाही, याचे कारण दोन भाषांतील अंतर नव्हे. ते अंतर दोघांनाही सारखेच आहे. एकाच्या कानावर चित्रपट, शाळा आणि लोकलगाडी यांनी वर्षानुवर्षे हिंदी घातली, दुसऱ्याच्या कानावर मराठी पडलीच नाही. म्हणून चाचणी शक्यतो लहान मुलांवर किंवा फारसा प्रवास न केलेल्यांवर घ्यावी.

दुसरी अडचण साखळीची आहे. सिंधुदुर्गातून खाली कारवारपर्यंत चालत गेल्यास प्रत्येक गावाला पुढच्या गावाचे बोलणे समजते, पण टोकाच्या दोन गावांना एकमेकांचे सहज समजेलच असे नाही. या साखळीत रेघ ओढायची कुठे, हे व्याकरण सांगत नाही. ग्रिअर्सन यांच्या १८९४ ते १९२८ या काळातल्या भाषिक सर्वेक्षणाने देशात १७९ भाषा आणि ५४४ बोली नोंदवल्या आणि कोंकणीला मराठीची बोली मानले. साहित्य अकादमीने १९७५ मध्ये तिला स्वतंत्र साहित्यिक भाषा म्हणून मान्यता दिली, १९८७ मध्ये ती गोव्याची राजभाषा झाली आणि १९९२ मध्ये आठव्या अनुसूचीत गेली. युगोस्लाव्हिया फुटल्यावर एका सर्बो-क्रोएशियनच्या सर्बियन, क्रोएशियन, बोस्नियन आणि माँटेनेग्रिन अशा चार भाषा झाल्या, आणि त्या चौघांचे एकमेकांशी बोलणे आजही विनासायास चालते. माझ्या मते कसोटी आणि लोकांची इच्छा या दोन्ही गोष्टी नोंदवाव्यात. एकीच्या जोरावर दुसरी खोडू नये.

चौथी पायरी : जागतिक याद्या वाचणे

जगभरातल्या भाषांचे जे आकडे वृत्तपत्रांत येतात ते बहुधा एथ्नोलॉग या यादीतले असतात. ती एसआयएल इंटरनॅशनल ही संस्था काढते, आणि १९५१ मधली तिची पहिली आवृत्ती काही पानांची होती. २०२३ च्या आवृत्तीत जिवंत भाषा ७,१६८ होत्या, २०२४ मध्ये ७,१६४. मधल्या वर्षात चार भाषा मेल्या असे मात्र समजू नये. काही नोंदी एकत्र होतात, काही फुटतात, काही नव्याने सापडतात, त्याचा हा निव्वळ जमाखर्च आहे. संस्थेचा मूळ हेतू बायबलच्या भाषांतराचा असल्यामुळे कोणत्या समूहाला वेगळे भाषांतर लागेल, ही दृष्टी तिच्या यादीत मुरलेली आहे आणि तिचा कल भाषा वेगळ्या मोजण्याकडे आहे. तिच्या लेखी वऱ्हाडी-नागपुरी, अहिराणी आणि वसईची सामवेदी या मराठीहून वेगळ्या भाषा आहेत. अमरावतीच्या माणसाला हे वाचून हसू येईल, पण यादीचा हेतू कळल्यावर तो निर्णय अगदीच अनाकलनीय राहत नाही.

हीच संस्था भाषांचे तीन अक्षरी आंतरराष्ट्रीय संकेतही सांभाळते. मराठीचा संकेत एम-ए-आर आहे. कोंकणीचा के-ओ-के हा छत्रीसारखा संकेत असून त्याखाली दोन वेगळे संकेत येतात. चिनी आणि अरबी यांनाही अशाच छत्र्या आहेत. अक्षरजुळणीची किंवा भाषांतराची प्रणाली बनवणाऱ्यांनी छत्रीचा संकेत वापरला आहे की तिच्याखालचा, हे तपासल्याशिवाय दोन ठिकाणची आकडेवारी जोडू नये.

ग्लॉटोलॉग ही दुसरी यादी लाइपझिगच्या माक्स प्लांक संस्थेतल्या अभ्यासकांनी उभी केली. ती भाषकसंख्या देण्याच्या फंदात पडत नाही. एखादी भाषा वेगळी आहे याला छापील पुरावा कोणता, आणि तिचे कूळ कोणते, एवढेच ती पाहते. भाषक किती हा प्रश्न असेल तर पहिली यादी पाहावी, आणि नाते काय हा प्रश्न असेल तर दुसरी.

पाचवी पायरी : कूळ ओळखणे

वर्गीकरण म्हटले की अनेकजण सारखे शब्द शोधू लागतात. मुंबईकराने तर ही चूक मुळीच करू नये, कारण आपला पाव आणि जपानी माणसाचा पावासाठीचा 'पान' हे दोन्ही शब्द पोर्तुगिजांनी दिले आहेत. केवळ या साम्यावर मराठी आणि जपानी बहिणी ठरायच्या. पगार, चावी, बटाटा हेही त्याच बंदरात उतरलेले शब्द. म्हणून तुलनेसाठी सहसा उसने घेतले जात नाहीत असे शब्द निवडतात : शरीराचे अवयव, लहान संख्या, पाणी, आग, येणे-जाणे. मॉरिस स्वॉडेश यांनी अशा शब्दांच्या याद्या केल्या, त्यांतली एक शंभर शब्दांची आहे.

त्या याद्यांपेक्षाही भरवशाची गोष्ट म्हणजे ध्वनींचा नियमित मेळ, आणि तो घरबसल्या पाहता येतो. वहीच्या एका पानावर हिंदी आणि मराठी शब्दांच्या जोड्या लिहाव्यात : मछली–मासा, कछुआ–कासव, पूछना–पुसणे, छुरी–सुरी, छह–सहा. हिंदीत जिथे 'छ' आहे तिथे मराठीत 'स' आहे, आणि तो शब्दाच्या सुरुवातीलाही आहे, मधेही आहे. पुढे बीस–वीस, बाघ–वाघ या जोड्या लिहिल्या की 'ब' आणि 'व' यांचा मेळ दिसतो. मग बछड़ा आणि वासरू शेजारी ठेवावेत : कानाला अजिबात न जुळणारे हे दोन शब्द वरचे दोन्ही नियम पाळतात, आणि दोन्ही संस्कृतातल्या वत्स शब्दाकडे जातात. दिसायला सारखे असणे गौण आहे. फरक नियमाने पडलेला असणे हा नात्याचा पुरावा आहे. नियम मोडणारा शब्द दिसला, जसे मराठीतले छत्री किंवा छाती, तर तो नंतर बाहेरून आला असावा असा संशय घ्यावा.

द्राविडी भाषांतही असाच खेळ आहे. माटुंग्याच्या एखाद्या उडुपी हॉटेलात कन्नड आणि तमिळ जाणणारे दोघे भेटले तर विचारून पाहावे. दुधाला तमिळमध्ये पाल् आणि कन्नडमध्ये हालु, दाताला पल् आणि हल्लु, दहाला पत्तु आणि हत्तु, वाघाला पुलि आणि हुलि. तमिळच्या सुरुवातीच्या 'प'ला कन्नडचा 'ह' इतक्या शिस्तीत उत्तर देतो की योगायोगाला जागाच राहत नाही.

भारताच्या लोकसंख्येत २०११ मध्ये भारतीय-आर्य भाषांचा वाटा ७८.०५ टक्के, द्राविडी १९.६४, ऑस्ट्रो-आशियाई १.११ आणि तिबेटी-ब्रह्मी १.०१ टक्के होता. यांतील पहिली तीन कुळे एकट्या महाराष्ट्रात नांदतात : मराठी आणि भिली एका कुळातल्या, गोंडी आणि कोलामी दुसऱ्या, मेळघाटातली कोरकू तिसऱ्या. बुलढाणा जिल्ह्याच्या उत्तर टोकाला बोलली जाणारी निहाली यांपैकी कशातच बसत नाही. तिचे कोणत्याही ज्ञात कुळाशी नाते सिद्ध झालेले नाही आणि तिचे भाषक जेमतेम दोन-अडीच हजार आहेत. युनेस्कोच्या मोजपट्टीवर सुरक्षित ते नामशेष अशा सहा पायऱ्या आहेत, त्यांत निहाली नामशेष होण्याच्या एकच पायरी अलीकडे आहे.

कुळाचे वर्गीकरण आणि ठेवणीचे वर्गीकरण यांची गल्लत होऊ देऊ नये. मराठीत 'आम्ही' म्हटले की ऐकणारा वगळला जातो आणि 'आपण' म्हटले की तो सामील होतो. हा भेद तेलुगूत 'मेमु' आणि 'मनम्' असा आहे, तमिळमध्येही आहे, प्रमाण हिंदीच्या 'हम'मध्ये मात्र नाही. म्हणजे या एका बाबतीत मराठी आपल्या बहिणीपेक्षा शेजारणीसारखी वागते. शेकडो वर्षांच्या शेजाराने रक्ताचे नाते बदलत नाही, पण घर चालवण्याची रीत बदलते, असे यावर माझे एक ज्येष्ठ सहकारी म्हणत असत. भाषाशास्त्रज्ञ एमेनो यांनी १९५६ मध्ये भारत हे एक भाषिक क्षेत्र, म्हणजे शेजारामुळे निरनिराळ्या कुळांतल्या भाषा एकमेकींसारख्या झालेला प्रदेश, आहे असे मांडले ते अशाच साम्यांवरून.

सहावी पायरी : भाषकसंख्येची तुलना

कोणतेही दोन आकडे शेजारी ठेवण्याआधी ते प्रथमभाषकांचे आहेत की एकूण भाषकांचे, हे पाहावे. जगात प्रथमभाषक सर्वाधिक आहेत ते मँडरिन चिनीचे, सुमारे ९४ कोटी. त्यानंतर स्पॅनिश सुमारे ४८ कोटी आणि मग इंग्रजी सुमारे ३८ कोटी. एकूण भाषक घेतले की इंग्रजी दीड अब्जांच्या घरात जाऊन पहिली येते. प्रमाण अरबी तर विलक्षणच आहे : कोट्यवधी लोक ती वाचतात-लिहितात, पण ती आईच्या तोंडून शिकलेला कोणी नाही, कारण घरात इजिप्ती, मोरोक्कन, इराकी अशा निरनिराळ्या अरबी बोलल्या जातात. भारतातही मातृभाषा इंग्रजी सांगणारे २०११ मध्ये सुमारे २.६ लाख होते आणि दुसऱ्या-तिसऱ्या भाषांसह इंग्रजी येणारे १२ कोटींहून अधिक. मराठीचे प्रथमभाषक ८.३० कोटी, सर्व मिळून सुमारे ९.९ कोटी.

दुसरी तपासणी क्रमांक आणि वाटा यांची. २००१ मध्ये तेलुगू तिसरी आणि मराठी चौथी होती. २०११ मध्ये मराठी ८,३०,२६,६८० भाषकांसह तिसरी झाली आणि तेलुगू ८,११,२७,७४० वर चौथी गेली. आपल्याकडे त्याचा आनंद व्यक्त झाला, तो स्वाभाविकच होता. पण याच दशकात लोकसंख्येतला मराठीचा वाटा ६.९९ टक्क्यांवरून ६.८६ टक्क्यांवर उतरला. तेलुगू अधिक मंद गतीने वाढली म्हणून आपण वर गेलो. उलट संस्कृतचे भाषक १४,१३५ वरून २४,८२१ झाले, म्हणजे तब्बल पाऊणपट वाढले. एवढ्या लहान आकड्यांत काही गावांनी रकान्यात वेगळे उत्तर दिले तरी असे होऊ शकते, म्हणून लहान पायावरची टक्केवारी छापूच नये.

तिसरी तपासणी सीमेची. मुंबईत २००१ ते २०११ या काळात मराठी भाषक ४५.२३ लाखांवरून ४४.०४ लाख झाले, असे जनगणनेतून निघते, आणि हिंदीचे २५.८८ लाखांवरून ३५.९८ लाख. यावर तावातावाने बोलण्याआधी महापालिकेच्या हद्दीपलीकडे पाहावे. गिरणगावातली किती कुटुंबे डोंबिवली, बदलापूर, विरार, नालासोपाऱ्याला गेली हे आमच्या चाळीच्या भाडेपावत्याही सांगतील. ती माणसे मराठीच बोलतात, फक्त २०११ मध्ये ती मोजली गेली ठाणे जिल्ह्याच्या आकड्यांत. हिंदीच्या वाढीतही 'हिंदी' हा गट की 'हिंदी' ही मातृभाषा, हे पाहिल्याशिवाय पुढे जाऊ नये. मातृभाषेसाठी सी-१६ आणि द्विभाषिकतेसाठी सी-१७ हे जनगणनेचे तक्ते काढावेत. गट आणि त्याखालची मातृभाषा या दोन्ही ओळी सी-१६ मध्ये एकाखाली एक असतात.

सातवी पायरी : वैविध्य एका आकड्यात

जोसेफ ग्रीनबर्ग यांनी १९५६ मध्ये एक सोपे माप सुचवले : समूहातून दोन माणसे सहज उचलली, तर त्यांच्या मातृभाषा वेगळ्या निघण्याची शक्यता किती. प्रत्येक भाषेच्या वाट्याचा वर्ग करायचा, सर्व वर्गांची बेरीज करायची आणि ती एकातून वजा करायची. शून्य म्हणजे सगळे एकभाषी. एकाच्या जवळ म्हणजे पापुआ न्यू गिनीसारखी परिस्थिती, जिथे आठशेहून अधिक भाषा आहेत.

आमच्या चाळीत सांगितलेली नावे अशी होती : मराठी १७ घरे, हिंदी ७, मालवणी ५, गुजराती ४, भोजपुरी २, कन्नड २, तेलुगू २ आणि कच्छी १. घरांच्या वर्गांची बेरीज ३९२ येते, तिला चाळीसच्या वर्गाने, म्हणजे १,६०० ने भागले की ०.२४५, वैविध्य ०.७५५. आता जनगणनेप्रमाणे भोजपुरी हिंदीत टाकली, मालवणीला कोंकणी म्हटले आणि कच्छीला सिंधी, तर वैविध्य ०.७३८ होते. आजींच्या इच्छेप्रमाणे, भोजपुरी हिंदीतच ठेवून, मालवणीची पाचही घरे मराठीत धरली की ते ०.६३१ वर येते. चाळ तीच, माणसे तीच, एकही बिऱ्हाड हलले नाही. म्हणून हे माप देताना गट कसे पाडले हे त्याच ओळीत लिहावे.

पुढच्या रविवारी मी पुन्हा फिरलो आणि या वेळी फक्त वाचता येणारी भाषा विचारली. चाळीसपैकी ३६ घरांत कोणीतरी मराठी वाचणारे निघाले आणि उरलेल्या चारही घरांत हिंदी. सूचना त्या दोन भाषांत निघाली. पहिली वही अजून माझ्याकडे आहे. आजींच्या नावासमोर पहिल्या रकान्यात 'मालवणी', दुसऱ्यात 'मराठी', आणि शेऱ्यात 'स्वतः सांगितल्यावरून' असे लिहिलेले आहे. भारताच्या पुढच्या जनगणनेसाठी १ मार्च २०२७ हा संदर्भ दिनांक ठरला आहे, आणि तेव्हा प्रगणकाच्या हातातल्या यंत्रावर मातृभाषेसाठी एकच रकाना असेल. आजींना मी हे सांगितले. त्यांनी थोडा विचार केला आणि विचारले, "मगे खयचा लिवचा?"